भिमाजी गुळव्याचा मागचा फेरा

पुणतांब्याच्या खालच्या अंगाला, जिथं गोदावरी वळण घेते आणि कालव्याची चारी शेवटच्या रानापर्यंत येता येता दमून जाते, तिथं काकासाहेबांचं गुऱ्हाळ होतं. दिवाळी सरली की चुलवण, म्हणजे रस आटवायची मोठी चूल, पेटायचं आणि शिमग्यापर्यंत विझायचं नाही. वाऱ्याची दिशा बदलली की आख्ख्या शिवाराला उकळत्या रसाचा वास यायचा. वाटेनं जाणारा परका माणूससुद्धा त्या वासाच्या ओढीनं वाकडी वाट करून यायचा, आणि आला की त्याला तांब्याभर रस मिळायचा. गुऱ्हाळावरून कोणी कोरडा जात नाही, ही तिथली रीत. वैरी आला तरी.

ऊस ज्याचा त्याचा, गुऱ्हाळ काकासाहेबांचं, पण गूळ भिमाजीचा, असं लोक म्हणायचे. भिमाजी गुळव्या, म्हणजे पाक पारखून गूळ करणारा, नेवाशाकडचा. प्रवरेच्या काठावरचं त्याचं गाव, तिथं त्याचं आता कोणी उरलं नव्हतं. दर साल दिवाळीच्या फराळाचे दिवस संपले की खांद्यावर घोंगडी टाकून तो पायी यायचा आणि शिमग्याच्या दुसऱ्या दिवशी तसाच पायी जायचा. अंगानं काटकुळा. वाफेवर उभं राहून राहून पापण्यांचे केस झडलेले. बोटांच्या टोकांना चटका असा लागतच नसे, पाण्यात बोटं बुडवायची, ती थेट उकळत्या पाकात घालायची, बाहेर काढून पाकाची गोळी वळायची आणि म्हणायचं, "उतरा." तेवढं म्हटलं की गडी धावत. काहील, ती पाकाची अजस्र कढई, आडव्या बांबूंवर उचलली जाई आणि पिवळाधमक पाक गार व्हायला वाफ्यात ओतला जाई. भिमाजीचा पाक चुकला असं गेल्या कितीतरी सालांत कोणी पाहिलं नव्हतं.

पण लोक गुळासाठी जेवढे येत तेवढेच कथेसाठी येत.

रस काहिलीत पडला, जाळ लागला, वर आलेली मळी काढून झाली, की मग बराच वेळ कोणाच्या हाताला काम नसे. रसानं आटायचं आणि माणसांनी वाट पाहायची. तिसऱ्या प्रहरच्या काहिलीला, उन्हं कलताना, भिमाजी त्या वाट पाहण्यात कथा घालायचा. वाद्य नाही, गाणं नाही. नजर रसाच्या बुडबुड्यांवर, हातात लाकडी लांब दांड्याचं उलथणं, आणि शांत आवाज. एका सालाला एकच कथा. रोज थोडी पुढं जायची. पाक कधी होईल हे काहिलीच्या हातात, त्यामुळे कथा कुठं तुटेल हेही काहिलीच्याच हातात. तलवार उगारलेली असायची आणि भिमाजी म्हणायचा, "उतरा." तलवार दुसऱ्या दिवसापर्यंत तशीच वर.

दोन गोष्टी त्यानं कधी मोडल्या नाहीत. एक, सुरू केलेली कथा शेवटची काहील उतरेपर्यंत सोडायची नाही, आणि सांगितलेलं मागं घ्यायचं नाही. वाफ्यात ओतलेल्या गुळाचा परत रस होत नाही, असं तो म्हणे. दुसरी गोष्ट, ऊस गाळायची पाळी एका शेतकऱ्याकडून दुसऱ्याकडं गेली की नव्या पाळीच्या पहिल्या दिवशी पुढची कथा बंद. त्या दिवशी आजवरची सगळी कथा पहिल्यापासून पुन्हा सांगायची. ज्याचा ऊस, तो त्या दिवसांचा यजमान. यजमानानं परक्यासारखं अर्ध्यातून ऐकू नये. ह्याला लोक 'मागचा फेरा' म्हणत.

जुने ऐकणारे मागच्या फेऱ्याला वैतागायचे. चांगुणा नावाची एक तिखट जिभेची बाई चिपाडं वाळवायच्या कामाला होती. ती दरवेळी म्हणायची की शिळ्या भाकरीला तूप लावलं तरी ती शिळीच. आणि भिमाजी दरवेळी म्हणायचा की शिळी भाकर दुधात कुस्करून खाऊन बघ, मग बोल.

ज्या सालाची ही गोष्ट, त्या साली हिवाळ्यात लढाई झाली होती. काकासाहेबांचा रेडिओ गुऱ्हाळाच्या मेढीला टांगलेला असे आणि गडी बातम्यांच्या वेळेला उसाच्या मोळ्या टाकून भोवती जमत. लढाई संपली तरी अंगातली लढाई संपली नव्हती. लोकांना मारामारीची कथा हवी होती, आणि भिमाजीनं त्या साली तशीच कथा धरली होती.

एका राजाचा मोठा बंधारा. त्याचा एक राखणदार. एके पहाटे कुठूनसा एक स्वार येतो, बंधाऱ्याचं दार फोडतो. राखणदार आडवा येतो. स्वार एका वारात त्याला लोळवतो. मग घोड्यावरून उतरून त्याच पाण्यात रक्ताचे हात धुतो, ओंजळीनं पाणी पितो, कातडी पखाल भरून घेतो आणि निघून जातो. राखणदाराचा लहानगा पोरगा, मानाजी, कणगीत लपून हे बघत असतो. त्याला स्वाराचं तोंड दिसत नाही. दिसतं फक्त मनगटातलं चांदीचं कडं. मानाजी मोठा होतो आणि शपथ घेतो की ते कडं असलेला हात खांद्यापासून वेगळा केल्याशिवाय डोक्याला पागोटं बांधणार नाही. मग तो निघतो. वाटेत नद्या, नदीगणिक एक लढाई.

प्रेत पडलेलं असताना शेजारी बसून ओंजळीनं पाणी पिणारा तो स्वार! लोकांनी त्याला इतक्या शिव्या दिल्या की काकासाहेबांना बायका बसल्यात म्हणून गड्यांना दटावावं लागलं.

त्या दिवशी चिपाडांच्या ढिगाला टेकून बसलेली राहीबाई मात्र एक शब्द बोलली नाही. ओंजळीचं ऐकलं आणि तिनं आधी पोराकडं बघितलं.

तिचा पोरगा गोरक्ष चुलवणाच्या तोंडाशी बसायचा. जाळ घालणं हे त्याचं काम. मिसरूड भरलेला, अबोल, खांद्यानं रुंद. काही वर्षांमागं त्याच्या बापाला चारीवर फावड्याच्या घावानं मरण आलं होतं. मारणारा परका नव्हता. बापाचा सख्खा चुलतभाऊ, गहिनीनाथ. कोर्ट झालं, गहिनीनाथला सजा झाली, तो येरवड्याला गेला. त्याची बायको भामाबाई आणि राहीबाई ह्या जावा-जावा. त्यांच्या रानात एकच बांध, पण तेव्हापासून बोलणं नाही. आणि आता गावात बातमी होती की वागणूक चांगली म्हणून गहिनीनाथला लवकर सोडणार आहेत. शिमग्याच्या आत घरी येईल.

भिमाजीला ह्यातलं काही ठाऊक नव्हतं. तो वर्षातले चार महिने यायचा, आपल्या काहिलीपाशी असायचा, आणि गावातलं भांडण परक्याच्या कानावर घालायची रीत नव्हती. कालव्याच्या मुलखात पाण्यावरून खून पडतातच, म्हणून त्यानं पाण्यावरचा खून घेतला. कथा सुरू झाली तेव्हा तिथल्या सगळ्यांच्या लक्षात आलं की हे भलतंच झालं. पण सुरू झालेली कथा थांबवायची कोणी?

गोरक्ष ऐकत राहिला. मानाजीनं पहिली नदी ओलांडली तेव्हा त्यानं नुसती मान वर केली. तिसरी ओलांडली तेव्हा त्याचे डोळे जाळासारखे झाले होते. मग एक दिवस राहीबाईला वाळलेली चिपाडं उपसताना ढिगाच्या बुडाशी, त्याच्या बसायच्या जागेजवळ, कोयता सापडला. ऊस तोडणं त्याचं काम नव्हतं. कोयत्याची धार इतकी लावलेली होती की तिला त्यात आपला डोळा दिसला. तिनं तो होता तिथंच ठेवला आणि वर चिपाडं टाकली. काढून नेला असता तर त्यानं दुसरा आणला असता, आणि मग तो कुठं आहे हे तिला कळलं नसतं.

त्याच दिवशी दुपारी, गडी जेवायला बसलेले असताना, ती भिमाजीजवळ गेली. तो रिकामी काहील घासत होता. तिनं खाली बसून त्याला सगळं सांगितलं: कोण मेलं, कोणी मारलं, कोण येणार आहे, चिपाडात काय आहे. कथा थांबव म्हणाली. नाही तर त्या स्वाराला एखाद्या रोगानं मारून टाक, म्हणजे मानाजीला मारायला कोणी उरणार नाही.

भिमाजीचा घासता हात थांबला. तो म्हणाला, "लेकी, माझ्याकडून वंगाळ झालं. पर मधीच सोडली तर त्यो ती मनातल्या मनात पुरी करील, आन् त्याच्या मनात तिचा शेवट ठरल्याला हाय."

"मग बदला ना बाबा."

"सांगितल्यालं बदलता येत न्हाई." त्यानं काहिलीच्या बुडाकडं बघितलं. "आता पुढची पाळी कोनाची हाय?"

राहीबाईनं नाव सांगितलं. पुढची पाळी भामाबाईची होती.

भिमाजीनं मान हलवली आणि पुन्हा काहील घासायला लागला.

फाल्गुन लागला आणि भामाबाईचा ऊस आला, हंगामातली शेवटची पाळी. गाडीच्या पुढं ती स्वतः बैल हाकत होती. काकासाहेबांनी तिला रीतीप्रमाणं यजमानाच्या जागेवर, वाफ्याजवळच्या पोत्यावर बसायला सांगितलं. ती बसली नाही. उसाच्या मोळ्यांच्या आडोशाला पदर ओढून उभी राहिली. चुलवणापाशी गोरक्ष पाठ करून बसला होता. त्याच्या पाठीकडं बघूनच कळत होतं की ती आली आहे हे त्याला ठाऊक आहे.

तिसऱ्या प्रहरची काहील चढली. मळी निघाली. चांगुणा पुटपुटली की झालं, आज परत कणगी आन् परत कडं. भिमाजीनं उलथणं काहिलीच्या काठावर टेकवलं आणि मागचा फेरा सुरू केला.

"एक गाव हुतं," तो म्हणाला. "बंधाऱ्याच्या खालच्या अंगाला. लई खाली. जिथं पानी पोचंस्तोवर दमून जायाचं."

लोकांनी एकमेकांकडं बघितलं. कथा बंधाऱ्यावर सुरू होते, हे तर पोरांनाही पाठ होतं. पण भिमाजी बंधाऱ्याकडं वळेचना. तो त्या खालच्या गावातच हिंडत राहिला. तिथल्या विहिरींचे तळ त्यानं दाखवले. तिथली जनावरं दावणीला उभी असून हंबरत नव्हती, कारण हंबरायला घशात ओल लागते. एका घरात एक बाई रिकामी घागर घेऊन दारात उभी होती. ती पाण्याला निघाली नव्हती. पाणी आणायला जाणाऱ्या माणसाची वाट बघत होती. आणि तो माणूस अजून गेलाच नव्हता. तो घोड्याला खोगीर घालत होता. त्याच्या मनगटात त्याच्या आईनं घातलेलं चांदीचं कडं होतं.

चांगुणाच्या हातातली चिपाडाची जुडी तशीच राहिली.

राहीबाई कान देऊन ऐकत होती. धान्य निवडणारी बाई जशी दाणा न् दाणा बोटाखालून घालते तशी ती प्रत्येक गोष्ट तपासत होती. काही बदललं का? काहीच नाही. तीच पहाट. तेच दार. राखणदारानं अडवलं, तेही तसंच. पण ह्या वेळी तो काय म्हणाला हे ऐकू आलं. आज तुमच्या खालच्या गावाची पाळी आहे हे त्यालाही मान्य होतं, पण वरून हुकूम नव्हता, आणि शिवाय स्वार तोंडानं वाईट बोलला होता. तोच वार. त्याच वारात राखणदार पडला. कणगीतला पोरगा तोच, त्याला दिसलेलं कडंही तेच. भिमाजीनं एक काडीसुद्धा इकडची तिकडं केली नव्हती. तो फक्त नदीच्या दुसऱ्या काठावर जाऊन उभा राहिला होता, आणि तिथून तेच सगळं दिसत होतं आणि तसं दिसत नव्हतं.

मग ओंजळ आली.

आधी ज्या ओंजळीला लोकांनी शिव्या दिल्या होत्या त्याच ओंजळीपाशी भिमाजी थांबला. इतका वेळ थांबला की काहिलीतला रस फुत्कारलेला ऐकू आला. स्वारानं हात धुतले, तो म्हणाला, पण पाण्यात आपलं तोंड दिसलं, ते मोडावं म्हणून त्यानं पाणी ओंजळीत उचललं. प्याला, पण घोट घशाखाली उतरता उतरेना. त्यानं पखाल भरली, कारण दारात घागर उभी होती. तो गावात पोचला. सगळं गाव तहानेलं, सगळं गाव बाहेर आलेलं. आणि कोणी पुढं होईना. पखालीच्या तोंडाला रक्ताची पाच बोटं होती.

उसाच्या मोळ्यांमागं भामाबाईनं तोंडात पदर घातला होता. रडण्याचा आवाज नव्हता. फक्त मोळीवरची वाळली पाचटं हलत होती. ती कधीची त्या दारात उभी होती हे भिमाजीला कोणी सांगितलं होतं? इतक्या वर्षांत, खुन्याच्या घरचं म्हणून, गावातल्या एकाही बाईनं तिच्याकडून विरजण नेलं नव्हतं.

देवळात घंटा थांबल्यावर जसा नाद अंगात राहतो तसं राहीबाईला झालं. एवढीशी माणसाची जीभ, आणि तिनं सूर्य मावळतीचा उगवतीला नेऊन दाखवला होता.

"उतरा," भिमाजी म्हणाला.

गडी उठायलाच विसरले होते. त्याला दुसऱ्यांदा म्हणावं लागलं.

गोरक्ष त्या दिवशी घरी जेवला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी राहीबाई त्याला घेऊन रानात चिपाडं पसरायला गेली तेव्हा तो एकदाच बोलला, म्हाताऱ्यानं घात केला म्हणाला. आपल्या माणसाची कथा वैऱ्याच्या दारात नेऊन बांधली.

राहीबाईनं हातातली जुडी खाली ठेवली. तिला वाटलं, आता बोलले नाही तर कधीच नाही. आणि कसं बोलायचं हे तिला काल कळलं होतं. मागं जायचं, अगदी पहिल्यापासून, आणि काहीही न बदलता सांगायचं.

तिनं तो दिवस सांगितला. त्या दिवशी पाण्याची पाळी गहिनीनाथची होती. त्याची उसाची लावण चारीच्या शेवटाला वाळत होती. गोरक्षच्या बापाचं आणि त्याचं आदल्या दिवशी बांधावरच्या बोरीवरून वाजलं होतं, म्हणून रागानं बापानं गहिनीनाथकडचं बारं, म्हणजे चारीचं तोंड, बुजवून पाणी आपल्या रानात घेतलं. बारं एकट्यानं बुजवलं नव्हतं. माती ओढायला राहीबाई होती. फावडं बापाच्या हातात, घमेलं तिच्या. गहिनीनाथ आला तो कोरड्या चारीतून धावत आला. शिव्या दोन्हीकडून झाल्या. फावडं बापाचंच होतं. ओढाओढीत ते गहिनीनाथच्या हातात गेलं. घाव एकच बसला.

हे कोर्टात सगळं आलं होतं. गावाला ठाऊक होतं. एका गोरक्षला कोणी सांगितलं नव्हतं, कारण तो पोर होता, आणि मग तो मोठा झाला तेव्हा सांगायची वेळ निघून गेलेली होती.

पण शेवटचं एक कोर्टातही आलं नव्हतं. ते सांगताना ती खाली बसली.

"तुझा बाप पानी मागत हुता. माझं हातपाय मोडल्यावानी झालं, मला जागचं हलता येईना. त्यो पळाला न्हाई, गोरक्षा. त्यो चारीत उतरला. ओंजळ भरली आन् तुझ्या बापाच्या तोंडाला लावली. मरताना तुझा बाप पानी प्याला ते त्याच्या हातनं."

गोरक्षनं विचारलं, "म्हाताऱ्याला तू सांगितलं हुतं हे? ओंजळीचं?"

"न्हाई. ओंजळ त्यानं कथा धरली तवाच सांगितली. मी त्याच्याशी बोलले ते आत्ता." आणि हे बोलताना तिचं तिलाच पुन्हा नवल वाटलं.

तो उठला आणि चुलवणाकडं गेला. कोयता होता तिथंच राहिला. राहीबाईनं रोज पाहिलं. रोज तो तिथंच होता.

भामाबाईची पाळी संपायला आली होती. कथा आता पुढं चालली होती, पण तिची चाल बदलली होती. मानाजीनं शेवटची नदी ओलांडली, पण त्या नदीवर लढाई नव्हती. नदीच कोरडी होती. गड्यांना चुकल्यासारखं होई, तरी कोणी उठून जात नसे. एके दिवशी मानाजी कडेवाल्याच्या दारात पोचला होता. दार लोटायला त्यानं हात उचलला.

आणि त्याच वेळी स्टेशनाकडच्या वाटेनं एक माणूस येताना दिसला.

डोकं बारीक कापलेलं. अंगात धुऊन धुऊन विरलेला सदरा. हातात एक कापडी पिशवी. तो घराकडं जायला निघालेला असणार, पण आपल्या रानातला ऊस गुऱ्हाळावर बघून पाय इकडं वळले असावेत. गहिनीनाथ गुऱ्हाळाच्या कडेला येऊन उभा राहिला. आत आला नाही. भामाबाई उभी राहिली आणि जागीच थिजली.

कोणी हललं नाही. राहीबाई चिपाडांच्या ढिगापासून चार हातांवर होती. पळून जाऊन त्या ढिगावर पडावं असं तिला वाटलं, पण पाय पुन्हा तसेच झाले, चारीवर झाले होते तसे. भिमाजी बोलायचा थांबला होता.

गोरक्षनं वळून बघितलं. आगीच्या उजेडात त्याचं तोंड लाल झालं होतं. त्याचा उजवा हात चिपाडात गेला, खांद्यापर्यंत आत गेला. राहीबाईनं डोळे मिटले नाहीत. हात बाहेर आला तेव्हा मुठीत वाळल्या चिपाडांचा मोठा भारा होता. तो त्यानं चुलवणात लोटला. जाळ भडकून वर आला. मग तो उठला.

रसाच्या पिंपापाशी गेला. तांब्या बुडवला. भरला. चालत गहिनीनाथपर्यंत गेला आणि समोर उभा राहिला. तांब्या त्याच्या हातात दिला नाही. नुसता धरून राहिला. तोंडानं एवढंच म्हणाला, "गुऱ्हाळावरून कोन कोरडं जात न्हाई."

गहिनीनाथनं पिशवी खाली ठेवली. आधी त्याला कळलं नाही. मग कळलं, आणि तो खाली वाकला, दोन्ही हात जोडून ओंजळ पुढं केली. गोरक्षनं वरून धार धरली. अर्धा रस मनगटावरून सांडत होता, पण तांब्या रिकामा होईपर्यंत गोरक्षनं धार मोडली नाही. मग तो मागं फिरला. चुलता म्हणून हाक मारली नाही, पाया पडला नाही. आपल्या जागेवर येऊन आगीकडं तोंड करून बसला.

पहिल्यांदा वास आला तो चांगुणाला. "बाबा," ती म्हणाली, "पाक."

भिमाजी काहिलीजवळ उभा होता, पण त्याची नजर काहिलीत नव्हती. ती अजून गुऱ्हाळाच्या कडेला, त्या ओंजळीवर होती. तो दचकला, बोटं पाण्यात घालायचंही विसरला, आणि गडी काहील उचलेपर्यंत सगळा पाक करपला होता. वाफ्यात पडला तो काळाकुट्ट. काकासाहेब पुढं आले, वाफ्यात बघितलं, भिमाजीकडं बघितलं आणि मागं गेले. भामाबाईच्या उसाची ती काहील होती. ती म्हणाली, असू द्या.

शिमग्याला शेवटची काहील उतरली आणि कथा संपली. मानाजीनं दार लोटलं. आत एक म्हातारा बसला होता. त्यानं आपला हात पुढं केला, कडं असलेला तो. मानाजी किती तरी वेळ त्या हाताकडं बघत राहिला आणि मग त्याच्या शेजारी बसला. दोघांनी मिळून त्या गावात विहीर खणायला घेतली. मानाजीनं जन्मभर पागोटं बांधलं नाही. शपथ मोडली ती मोडली, हेही त्यानं लपवलं नाही; कोणी विचारलं तर उघड्या डोक्यानं सांगायचा.

"एवढंच व्हय?" चांगुणा म्हणाली. "इतक्या नद्या उगाच ओलांडल्या."

लोक हसले. भिमाजीही हसला.

दुसऱ्या दिवशी तो निघाला तेव्हा राहीबाई चुलवणातली राख काढत होती. तिनं त्याला गाठलं आणि विचारलं की बाबा, ते खालचं गाव, ती घागर, ते तुमच्या मनात पहिल्यापासून होतं का? की आमच्यासाठी घातलं?

"मला म्हाईत न्हाई," तो म्हणाला. "मी बी तुमच्यासंगटच ऐकत हुतो."

गुळव्याला जाताना हंगामातली त्याच्या पसंतीची एक ढेप द्यायची रीत होती. काकासाहेबांनी पिवळ्याजर्द ढेपा ओळीनं मांडल्या होत्या. भिमाजी त्यांच्यावरून नुसती नजर टाकून पुढं गेला, कोपऱ्यात गोणपाटाखाली टाकलेल्या काळ्या ढेपांपाशी वाकला आणि एक उचलली. काकासाहेब म्हणाले, अहो ती करपलेली आहे.

"व्हय," भिमाजी म्हणाला. "पाक सोडून बघत राहावं असा तेवढाच एक दिवस झाला."

ती घोंगडीत बांधून तो नेवाशाच्या वाटेला लागला.